ढग पुरे झाले, आता बाकीचा फिगेरोआ बघा

मेक्सिकोचा कॅमेरामन गाब्रिएल फिगेरोआ, त्याचं नाव निघालं की लगेच कुणीतरी ढग दाखवतं. ब्लॅक अँड व्हाइट आभाळ, त्यात पांढरेशुभ्र ढग, खाली घायपाताची टोकदार पानं, कोपऱ्यात शाल पांघरलेली बाई नाहीतर मोठ्या टोपीचा घोडेस्वार, आणि वर कॅप्शन, की बघा, एकेक फ्रेम म्हणजे पेंटिंग. आहेतच त्या फ्रेम तशा, मी काही आंधळा नाही. पण ह्या माणसाने १९३० च्या दशकापासून १९८० च्या दशकापर्यंत दोनशेच्या वर सिनेमे शूट केले, त्यातले असे ढगवाले वेगळे काढले तर मूठभर निघतील, आणि तरी त्याची सगळी कीर्ती त्या मूठभरांवरच उभी आहे. माझ्या मते ह्याने त्याचं कौतुक होत नाही, तो लहान होतो. आणि हे एकट्या फिगेरोआपुरतं नाहीये, कॅमेरामनला आपण नेमकं कशासाठी मोठा म्हणतो हा खरा प्रश्न आहे, कारण पुरस्कार कुणाला मिळतात, जुने सिनेमे कुठले रिस्टोअर होतात, फिल्म शाळेत पोरांना काय दाखवलं जातं हे सगळं त्यावरून ठरत असतं.

आधी माणूस कोण होता ते थोडक्यात. जन्म १९०७ चा, मेक्सिको सिटीतला. आई जन्मानंतर काही दिवसांतच गेली, वडील लांब, आत्या-मावश्यांनी वाढवलं, घरचा पैसा होता तोही बुडाला. सान कार्लोसच्या कला अकादमीत चित्रकला आणि संगीत विद्यालयात व्हायोलिन असं दोन्ही चालू होतं ते सोडून पोटासाठी फोटो स्टुडिओत शिरला. सिनेमात आला तो १९३२ मध्ये स्टिल फोटोग्राफर म्हणून. मग १९३५ च्या सुमाराला स्टुडिओच्या स्कॉलरशिपवर हॉलिवूडला गेला आणि तिथे ग्रेग टोलँडच्या हाताखाली शिकला, तोच टोलँड ज्याने पुढे 'सिटिझन केन' शूट केला. परत आल्यावर पहिलाच मोठा सिनेमा 'आया एन एल रांचो ग्रांदे', १९३६ चा, गाणी, घोडे, रांच, कोंबड्यांच्या झुंजी, सगळा मसाला, तो बेफाम चालला आणि १९३८ मध्ये व्हेनिसच्या फिल्म महोत्सवात त्याच्या फोटोग्राफीला बक्षीस मिळालं. जाता जाता सांगतो, त्याच १९३६ साली पुण्यात प्रभातने 'संत तुकाराम' काढला आणि तो १९३७ ला व्हेनिसमध्येच गौरवला गेला. त्याचा कॅमेरा व्ही. अवधूत यांचा होता. हे नाव आपल्यापैकी किती जणांना माहितीये ते स्वतःलाच विचारा.

आता ते ढग कुठून आले ते नीट बघू, कारण त्यामागे कारागिरी आहे आणि राजकारणही आहे. ब्लॅक अँड व्हाइट फिल्मवर निळं आभाळ फिकट उमटतं, आभाळ आणि ढग एकमेकांत मिसळून जातात. पिवळा, नारिंगी, लाल फिल्टर लावत गेलं तसतसं निळं काळवंडत जातं आणि ढग पुढे येतात. फिगेरोआ त्याच्याही पुढे जाऊन इन्फ्रारेड फिल्टर वापरायचा, हवेतला धूसरपणा कापून लांबचे डोंगर कडक दिसावेत म्हणून. पण लाल फिल्टर लावला की ओठ पांढरे पडतात, कातडीचा रंग उजळतो, मेकअप सगळा नव्याने बसवावा लागतो, म्हणजे वर आभाळ सुंदर आणि खाली हिरॉईन आजारी दिसते असं होऊ नये ह्याची काळजी घ्यावी लागते. शिवाय ज्वालामुखी रंगवणारा डॉक्टर आत्ल नावाचा चित्रकार होता, क्षितिज सरळ न काढता वक्र काढायचं असं त्याचं एक शास्त्रच होतं, ते फिगेरोआने वाइड लेन्सवर आणलं. ओरोस्को, रिवेरा, सिकेरोस ह्या म्युरलवाल्यांचं, म्हणजे भिंतीवर मोठी चित्रं काढणाऱ्यांचं ऋण तो उघड मान्य करायचा, आणि रशियन दिग्दर्शक आइझेनस्टाइन १९३१ च्या आसपास मेक्सिकोत येऊन जे शूट करून गेला होता त्याचीही सावली ह्या सगळ्यावर आहेच. मग दिग्दर्शक एमिलियो फर्नांदेस, ज्याला सगळे एल इंदियो म्हणायचे, लेखक मौरिसिओ माग्दालेनो, आणि पडद्यावर डोलोरेस देल रिओ, पेद्रो आर्मेंदारिस, नंतर मारिया फेलिक्स, अशी टीम जमली आणि १९४३ पासून पुढची सात-आठ वर्षं एकामागून एक सिनेमे आले. 'फ्लोर सिल्वेस्त्रे', 'मारिया कान्देलारिया', 'ला पेर्ला', 'एनामोरादा', 'रिओ एस्कोंदिदो'.

'मारिया कान्देलारिया'ला १९४६ च्या कान फिल्म महोत्सवात सर्वोच्च बक्षीस मिळालं आणि फिगेरोआला छायाचित्रणाचं वेगळं. त्या वर्षी हे सर्वोच्च बक्षीस अकरा सिनेमांत वाटलं होतं आणि त्या अकरांत चेतन आनंदचा 'नीचा नगर' पण होता, हे आपल्याकडे लोक अभिमानाने सांगतात. पण 'नीचा नगर'चा कॅमेरा विद्यापती घोष यांनी केला होता हे कुणी सांगत नाही, आणि का सांगत नाही ह्याचं उत्तर ह्या लेखाच्या मुद्द्यातच आहे. स्क्रीनशॉट काढून भिंतीवर लावावा असं काही त्यात नव्हतं.

बरं, 'मारिया कान्देलारिया' काय आहे? सोचिमिल्कोचे कालवे, फुलांनी भरलेल्या होड्या, गरीब आदिवासी मुलगी, तिला गाव वाळीत टाकतं आणि शेवटी दगडांनी मारतं. ती मुलगी झालीये डोलोरेस देल रिओ, दुरांगोच्या श्रीमंत घराण्यातली, हॉलिवूडची स्टार म्हणून गाजून आलेली. आणि फिगेरोआचा कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर असा प्रकाश टाकतो की दारिद्र्य हे एक दागिन्यासारखं दिसायला लागतं. हे मी एकटा म्हणत नाहीये, मेक्सिकोतल्या समीक्षकांनी दशकानुदशकं म्हटलंय. 'रिओ एस्कोंदिदो' तर सुरूच होतो राष्ट्रपती भवनात, रिवेराचं म्युरल जणू बोलू लागतं, राष्ट्राध्यक्ष एका शिक्षिकेला खेड्यात जाऊन देश घडवायला सांगतात, आणि टायटल्सला लेओपोल्दो मेन्देसची एन्ग्रेव्हिंग्ज आहेत. क्रांती होऊन तीस वर्षं होत आली होती, सत्तेवर एकच पक्ष मांड ठोकून बसला होता, आणि त्याला असा देश दाखवायचा होता जो प्राचीन आहे, दुःखी आहे, सुंदर आहे आणि सरकारच्या हातात सुरक्षित आहे. फिगेरोआच्या ढगांनी ते काम अगदी चोख केलं. तो स्वतः डावा, मनाने प्रामाणिक, त्याला हे सरकारी पोस्टर वाटलं नसणार, पण निघालं ते पोस्टरच. हॉलिवूडच्या जॉन फोर्डने १९४७ ला त्याला घेऊन 'द फ्युजिटिव्ह' केला, हेन्री फोंडा पळून जाणारा पाद्री, चर्चच्या दारातून येणारा प्रकाश, क्रॉससारख्या पडणाऱ्या सावल्या, फोर्डला स्वतःला तो सिनेमा फार आवडायचा आणि मला विचाराल तर तो पहिल्या वीस मिनिटांतच मरतो, इतका सुंदर आहे की आत कुणी माणूस जिवंत राहूच शकत नाही.

म्हणजे १९५० पर्यंत ह्या माणसाकडे एक हमखास चालणारी स्टाइल होती, कानचं बक्षीस होतं, 'ला पेर्ला'साठी गोल्डन ग्लोब होतं, देशाने उचलून धरलं होतं. कुणीही इथे थांबला असता आणि उरलेलं आयुष्य तेच विकत बसला असता, आणि आजच्या भाषेत आपण त्याला ब्रँड म्हणालो असतो.

त्याने काय केलं? त्याच वर्षी मूळच्या स्पॅनिश दिग्दर्शक लुईस बुन्युएलबरोबर 'लोस ओल्विदादोस' केला. मेक्सिको सिटीच्या कडेच्या झोपड्या, अर्धवट बांधून सोडलेल्या बिल्डिंगचे सांगाडे, उकिरडे, आणि पोरं, जी भोळी नाहीत, गोड नाहीत, आंधळ्या भिकाऱ्याला दगड मारतात. ह्यात आभाळ आहे पण ते नुसतं वर असतं, त्याचा काही उपयोग नाही कुणाला. प्रकाश सपाट, दुपारचा, कुणालाच सुंदर न करणारा. स्वप्नाचा एक सीन आहे, आई स्लो मोशनमध्ये मांसाचा तुकडा घेऊन मुलाकडे येते, तिथे तेवढा हा माणूस दाखवून देतो की त्याला काय काय येतं, आणि परत गप्प बसतो. देशाची बदनामी केली म्हणून ओरड झाली, सिनेमा काही दिवसांतच थिएटरमधून उतरवला, मग १९५१ ला कानमध्ये बुन्युएलला दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं आणि तोच सिनेमा सन्मानाने परत लागला. ज्या माणसाने मारिया कान्देलारियाची ती गरिबी चितारली त्यानेच सात वर्षांत ही गरिबी शूट केली. माझ्या मते त्याच्या करिअरमधली सगळ्यात मोठी घटना ही आहे, आणि ढगवाल्या कौतुकात ती कुठेच बसत नाही.

बुन्युएलबरोबर त्याने एकूण सात सिनेमे केले. 'नासारिन'च्या शूटिंगचा किस्सा बुन्युएलने स्वतःच्या आठवणींत सांगितलाय आणि तो सिनेमावेड्यांत फिरत असतो: फिगेरोआने पोपोकातेपेत्ल ज्वालामुखी आणि त्यावरचे ढग अशी झकास फ्रेम लावून ठेवली होती, बुन्युएल आला आणि त्याने कॅमेराच उलटा फिरवला, समोर काहीतरी सामान्य माळरान होतं, ते जास्त खरं वाटलं त्याला. लोक हा किस्सा फिगेरोआची फजिती म्हणून सांगतात, की बघा कसा जिरवला. मला तो उलटा वाटतो. एक तर कॅमेरा फिरवल्यावर त्या माळरानावरही कुणालातरी एक्स्पोजर काढावं लागतं, लाइट जुळवावा लागतो, पाद्री चालत येतो त्याचा चेहरा दिसायला हवा आणि तरी काही केलंय असं दिसता कामा नये, आणि हे ढगांपेक्षा अवघड आहे. दुसरं म्हणजे फिगेरोआ रुसून निघून गेला नाही, त्यानंतर आणखी चार सिनेमे केले त्याच माणसाबरोबर. 'एल अँजेल एक्स्तेर्मिनादोर'मध्ये श्रीमंत पाहुणे एका दिवाणखान्यात अडकतात, दार उघडं आहे पण कुणालाच बाहेर पडता येत नाही, जवळजवळ सगळा सिनेमा त्या एका खोलीत. खोली तीच, माणसं तीच, दिवस सरत जातात आणि संध्याकाळच्या पार्टीचा झगमगाट उतरत उतरत गुहेसारखा उजेड होतो. कुठल्या क्षणी बदललं ते सांगता येत नाही. ह्या सिनेमाचा कुठला एक स्क्रीनशॉट काढणार तुम्ही? काही दिसणारच नाही त्यात. आणि मग 'सिमोन देल देसिएर्तो', १९६५ चा, पैसे संपले म्हणून पाऊण तासातच संपलेला, त्यात एक संत खांबावर उभा आहे आणि मागे आभाळच आभाळ, म्हणजे बुन्युएलने शेवटी त्याला आभाळ दिलं पण खांबावर चढवलेला माणूस हास्यास्पद करून दिला.

बुन्युएल हा एकच कोपरा नाहीये. शहराची रात्र हा फिगेरोआचा आणखी एक इलाखा, आणि तोही एल इंदियोबरोबरच. 'सालोन मेहिको' म्हणजे डान्स हॉल, बहिणीच्या बोर्डिंग शाळेची फी भरायला तिथे नाचणारी बाई, आणि तिला छळणारा दलाल. 'विक्तिमास देल पेकादो'मध्ये निनोन सेविया, रुंबा, धूर, नोनोआल्कोचा पूल आणि खालून जाणाऱ्या रेल्वेची वाफ. इथे काळोख जास्त आणि दिवा एकच, कधी जिन्यावर, कधी काचेच्या दारामागे, माणसं अर्धी दिसतात, आणि डान्स फ्लोअरवरची गर्दी इतकी जिवंत आहे की घामाचा वास यावा. खेड्यातल्या सिनेमांत जी बाई देवीसारखी उभी असते ती इथे थकलेली दिसते. तोच दिग्दर्शक, तोच कॅमेरामन, त्याच काळातले सिनेमे. आता सांगा ह्यातली 'फिगेरोआ स्टाइल' कुठली?

दिग्दर्शक रोबेर्तो गाव्हाल्दोनच्या 'माकारिओ'वर मात्र मी जरा रेंगाळणार, कारण तो मला ह्या सगळ्यांत जवळचा. १९६० चा सिनेमा, परभाषी ऑस्करसाठी नामांकन मिळालेला मेक्सिकोचा पहिला. एक लाकूडतोड्या, घरात पोरंच पोरं, त्याला एकच इच्छा, की एकदा एक अख्खी टर्की एकट्याने खायची, कुणाला न देता. मृत्यू त्याला भेटतो आणि तो अर्धी टर्की मृत्यूला देतो. शेवटी मृत्यू त्याला एका गुहेत नेतो, काकाउआमिल्पाची खरी गुहा आहे ती, आणि तिथे मेणबत्त्याच मेणबत्त्या, एकेक मेणबत्ती म्हणजे एकेक माणूस. हा सीन टेक्निकली भयानक आहे. खऱ्या मेणबत्त्यांच्या उजेडात त्या काळची फिल्म नीट एक्स्पोज होत नाही, त्यामुळे वेगळे लाइट लपवायचे आणि तरी वाटलं पाहिजे की सगळा उजेड ज्योतींचाच आहे, गुहा खोलवर दिसली पाहिजे, इग्नासिओ लोपेस तार्सोच्या तोंडावरची भीती दिसली पाहिजे, आणि मृत्यू साधा माणूस दिसला पाहिजे, भूत नाही. आणि त्याआधीचा सगळा सिनेमा, जंगल, झोपडी, बाजार, अगदी साधा शूट केलाय, तिथे हात आखडून ठेवला म्हणून गुहेत तो हात सोडू शकला.

मग कॉमेडी. मेक्सिकोचा लाडका विनोदी नट कान्तिन्फ्लास, त्याच्या कितीतरी सिनेमांचा कॅमेरा फिगेरोआचा आहे आणि ह्याबद्दल कुणी अवाक्षर काढत नाही, जणू घरात लपवून ठेवायची गोष्ट. कान्तिन्फ्लासचा विनोद बोलण्यात आणि अंगात आहे, पँट घसरतेय, खांदे हलतायत, वाक्य कुठेच पोचत नाहीये. तिथे कॅमेरामनचं काम म्हणजे माणूस डोक्यापासून पायापर्यंत दिसू द्यायचा, सगळीकडे सारखा उजेड ठेवायचा म्हणजे तो सुचेल तिकडे जाऊ शकेल, आणि मधे यायचं नाही. सावल्यांचा खेळ केला तर जोक मेला. तेच पुढे १९७० ला, डॉन सीगलबरोबर 'टू म्यूल्स फॉर सिस्टर सारा' आणि त्याच वर्षीचा 'केलीज हीरोज', म्हणजे युगोस्लाव्हियात जाऊन रणगाडे, धूळ, क्लिंट ईस्टवुड आणि बँक लुटायला निघालेले सैनिक, सगळं कलरमध्ये, वाइड स्क्रीनवर. त्याच्या आधी १९६४ ला जॉन ह्यूस्टनबरोबर 'द नाइट ऑफ द इग्वाना', मिस्मालोयाच्या समुद्रकाठी, त्यासाठी ऑस्कर नामांकन, आणि वीस वर्षांनी परत ह्यूस्टनकडे, 'अंडर द व्होल्केनो', तेव्हा वय सत्त्याहत्तरच्या आसपास. कलर आल्यावर फिगेरोआ संपला असं एक ठरलेलं वाक्य आहे. 'अंडर द व्होल्केनो' बघून मग बोला, त्या बारमधली सकाळ, दारू उतरलेल्या माणसाच्या डोळ्यांना टोचणारा तो पिवळा उजेड, तो काही संपलेल्या माणसाचा नाहीये.

इथे कुणीही म्हणेल, अहो, मग हा भाडोत्रीच की, जो पैसे देईल त्याचं काम करणारा, ह्याला व्हर्सटाइल वगैरे गोंडस नाव कशाला. आक्षेप रास्त आहे आणि मी तो टाळणार नाही. खरंय की दोनशे सिनेमांत कितीतरी भिकार आहेत, कितीतरी फक्त घर चालवायला केलेत, आणि काही ठिकाणी त्याचा हात नुसता सवयीने चालतो हे दिसतं. पण भाडोत्री आणि कामगार ह्यांत फरक असतो आणि फिगेरोआ स्वतःला कामगार समजत होता, अगदी युनियनच्या अर्थाने. १९४५ मध्ये जुनी युनियन सडली म्हणून कान्तिन्फ्लास, गायक-नट होर्हे नेग्रेते आणि फिगेरोआ ह्यांनी पुढे होऊन फिल्म निर्मितीतल्या कामगारांची वेगळी युनियन काढली. हॉलिवूडमध्ये संप चालू असताना तिकडची फिल्म मेक्सिकोच्या लॅबमध्ये धुवायला त्याने विरोध केला, म्हणजे समोर पैसा दिसत असताना. मेक्सिकन क्रांतीतला शेतकरी नेता झापाता, त्याच्यावरच्या सिनेमाची स्क्रिप्ट घेऊन दिग्दर्शक एलिया कझान आणि लेखक जॉन स्टाइनबेक आले तेव्हा आमच्या नायकाचं हे असं चित्र चालणार नाही म्हणून आक्षेप घेणाऱ्यांत तो होता, तो सिनेमा मग टेक्सासमध्ये शूट झाला. आणि 'ला रोसा ब्लांका', तेल कंपनी एका शेतकऱ्याची हासिएन्दा, म्हणजे शेतवाडी, गिळते त्याची गोष्ट, १९६१ ला तयार झाला आणि सरकारने तो १९७२ पर्यंत दाबून ठेवला, म्हणजे ज्या राज्यव्यवस्थेचे ढग त्याने रंगवले तिनेच त्याचं काम अकरा वर्षं डब्यात ठेवलं. अशा माणसाला भाडोत्री म्हणणं अवघड आहे. कामगाराला काम नाकारता येतं, आणि घेतलं तर मग ते त्या कामाला हवं तसं करायचं असतं, स्वतःच्या सहीसाठी करायचं नसतं. त्याची व्हर्सटिलिटी मला इथून येताना दिसते.

आता ह्याची काळी बाजूही सांगून टाकतो, नाहीतर आरती होईल. तीच युनियन पुढे दारं लावून बसली. नव्या दिग्दर्शकांना आत शिरायला जागाच नाही, तीच नावं, तेच फॉर्म्युले, १९५० चं दशक संपता संपता मेक्सिकन सिनेमा धापा टाकायला लागला. १९६१ मध्ये 'नुएव्हो सिने' गटाच्या तरुणांनी त्यावर झोड उठवली, आणि शेवटी युनियनलाच १९६५ ची प्रायोगिक सिनेमाची स्पर्धा भरवावी लागली. जुन्या मंडळींचा कामाचा दर्जा आणि नव्यांची अडवणूक ही एकाच घरात नांदत होती. फिगेरोआ त्या घराच्या पाया घालणाऱ्यांपैकी, त्यामुळे हिशोबात हेही धरावं लागतं.

तरी माझा मूळ मुद्दा हलत नाही, आणि त्यासाठी मी दुसरा साक्षीदार आणतो, अलेक्स फिलिप्स. कॅनडात जन्मलेला, मेक्सिकोचाच होऊन गेलेला. १९३२ चा 'सांता', मेक्सिकोच्या बोलपटांची खरी सुरुवात, त्याचा कॅमेरा ह्याचा. 'ला मुहेर देल पुएर्तो' ह्याचा. १९५० चा 'आव्हेन्तुरेरा', कॅबरे मेलोड्रामातला बादशहा, ह्याचा. बुन्युएलचा रंगीत 'रॉबिन्सन क्रूसो' ह्याचा. आणि १९६६ ला आर्तुरो रिप्स्तेन नावाचं विशीतलं पोरगं पहिला सिनेमा करायला निघालं, 'तिएम्पो दे मोरिर', तर त्याच्या मागे उभा राहिलेला म्हातारा कॅमेरामन हाच. फिगेरोआलाही सुरुवातीला ह्याचाच आधार होता. इतकी मोठी रेंज, इतकी वर्षं, आणि बाहेरच्या जगात नाव कुणाला माहिती नाही, कारण त्याच्याकडे ढग नव्हते. ओळखू येईल अशी एकही खूण त्याने मागे ठेवली नाही. फिगेरोआने जर १९४३ ते १९४९ ही वर्षं वगळून बाकी सगळं केलं असतं, म्हणजे बुन्युएल, गाव्हाल्दोन, ह्यूस्टन, कान्तिन्फ्लास सगळं धरून, तर माझी खात्री आहे की त्याचीही गत फिलिप्ससारखीच झाली असती. जास्त चांगलं काम करूनही.

आणि हे जुनं दुखणं नाहीये, आजही तेच चाललंय. मेक्सिकोच्याच दोघांची उदाहरणं घ्या. एमानुएल लुबेझ्कीने 'ग्रॅव्हिटी', 'बर्डमॅन', 'द रेव्हनंट' असे लागोपाठ तीन ऑस्कर घेतले, आणि मोठा कॅमेरामन आहेच तो, वाद नाही, पण त्या तिन्हींत लांबच लांब शॉट हे प्रेक्षकाला दिसणारं, मोजता येणारं, ट्रेलरमध्ये दाखवता येणारं काम होतं. दुसरा रोद्रिगो प्रिएतो. 'आमोरेस पेर्रोस'चे ते खरबरीत, रंग उडालेले रस्ते, 'ब्रोकबॅक माउंटन'चे निवांत डोंगर, अँग लीचाच शांघायमधला 'लस्ट, कॉशन', स्कॉर्सेसीचा 'द आयरिशमन', आणि २०२३ ह्या एकाच वर्षात 'बार्बी' आणि 'किलर्स ऑफ द फ्लॉवर मून', म्हणजे एकीकडे गुलाबी प्लास्टिक आणि दुसरीकडे अमेरिकेतल्या ओसेज आदिवासींच्या खुनाचा अंधार. चार नामांकनं, ऑस्कर शून्य. ऑस्करचं गणित कशावर चालतं हे देवालाच ठाऊक, एकट्या ह्या मुद्द्याने ते सुटणार नाही, पण कल कुठे आहे हे दिसतंच. २०२४ ला त्याने 'पेद्रो पारामो' ह्या कादंबरीवरचा सिनेमा स्वतः दिग्दर्शित केला. हाच 'पेद्रो पारामो' कार्लोस वेलोने १९६७ ला पडद्यावर आणला तेव्हा कॅमेरा फिगेरोआचा होता. दोन्ही एकापाठोपाठ बघितले तर मजा येते, दोघांनाही एकच अडचण आहे की गावातली निम्मी माणसं मेलेली आहेत आणि ती वेगळी दिसताही कामा नयेत.

मग करायचं काय? एक तर पुरस्कार देणाऱ्यांनी, आणि ह्यात आपल्याकडचेही आले, एका सिनेमातल्या दिसणाऱ्या कामाबरोबर पाच-दहा वर्षांतलं वेगवेगळं काम एकत्र बघून द्यायचं एखादं बक्षीस सुरू करावं. जीवनगौरव नाही म्हणत मी, तो माणूस थकल्यावर देतात. मेक्सिकोने फिगेरोआला १९७१ मध्ये राष्ट्रीय कला पुरस्कार दिला, बरं केलं, पण तोही मला परत त्याच आभाळासाठी दिल्यासारखा वाटतो. दुसरं, रिस्टोरेशन. 'एनामोरादा' २०१८ ला आणि 'लोस ओल्विदादोस' २०१९ ला रिस्टोअर होऊन कानला दाखवले गेले, उत्तमच, पण पैसा नेहमी आधीच गाजलेल्या नावांकडे जातो आणि अशा करिअरचा मधला जाड थर, कॉमेड्या, मेलोड्रामा, अर्धे फसलेले प्रयोग, तो तसाच पडून राहतो. नेगेटिव्ह कुणाची वाट बघत नाही, फिल्म सडून तिला व्हिनेगरचा वास यायला लागला की संपलं. तिसरं म्हणजे प्रदर्शनं. फिगेरोआचा संग्रह आता तेलेव्हिसाच्या फाउंडेशनकडे आहे, लॉस एंजेलिसच्या म्युझियममध्ये २०१३ ला मोठं प्रदर्शन झालं, नंतर न्यूयॉर्कलाही गेलं. अशा प्रदर्शनात सिनेमाची फ्रेम मोठी करून भिंतीवर लावली जाते, बाजूला रिवेरा, ओरोस्को, आणि ती त्यांच्या तोडीची आहे हे सिद्ध होतं. पण भिंतीवर गेल्या गेल्या ती हलायची थांबते, आवाज जातो, नट जातो, आधीचा आणि नंतरचा शॉट जातो, आणि मग भिंतीवर शोभतील तेच सिनेमे महत्त्वाचे ठरतात. 'एल अँजेल एक्स्तेर्मिनादोर' कसा लावणार भिंतीवर? फिलिप्सला कसा लावणार? त्याचं प्रदर्शन भरवायचं ठरवलं तर खुर्च्या मांडून सिनेमेच दाखवावे लागतील, आणि ते जास्त बरं होईल.

पहिल्यांदाच बघणार असाल तर माझा सल्ला, 'मारिया कान्देलारिया'पासून सुरू करू नका. 'सालोन मेहिको' बघा, मग 'एल', हो, बुन्युएलचाच, संशयाने वेड्या झालेल्या नवऱ्याचा, त्यातला रात्रीचा जिना बघा, मग एखादा कान्तिन्फ्लास घाला मधे, भाषा कळली नाही तरी चालेल, उजेड कसा सगळीकडे सारखा आहे तेवढं बघा, आणि मग 'माकारिओ', पण तो मोबाइलवर नको, गुहेतल्या मेणबत्त्या मोबाइलवर दिसत नाहीत.